मॉलीची मालकीण

इंटरनेटवर 'द गोल्डबर्ग्ज' शोधलंत तर आधी समोर येतं ते २०१३ साली सुरू झालेल्या मालिकेतलं कुटुंब. ऐंशीच्या दशकातले भडक कपडे, सतत व्हिडिओ कॅमेरा घेऊन हिंडणारा धाकटा मुलगा, मुलांवर जीव टाकणारी आणि त्यांचा तेवढाच जीव खाणारी आई. मालिका वाईट नाही, दहा सीझन चालली. पण मला हवे असलेले गोल्डबर्ग ते नव्हेत. माझे गोल्डबर्ग, १९४९ साली टीव्हीवर आलेले, खाली, बरेच खाली सापडतात. कृष्णधवल, जरा धुरकट, मधेच आवाज खोल गेलेले. न्यूयॉर्कच्या ब्राँक्स भागात, १०३८ ईस्ट ट्रेमाँट अव्हेन्यू या पत्त्यावर राहणारं ज्यू कुटुंब. नवरा जेक, मुलगा सॅमी, मुलगी रोझली, घरातच राहणारे काका डेव्हिड. आणि मॉली.

भाग सुरू होतो तेव्हा मॉली खिडकीत असते. कोपर टेकवून ती थेट आपल्याशी बोलायला लागते. समोरच्या खिडकीतली शेजारीण म्हणजे आपणच. इकडचं तिकडचं बोलता बोलता ती कॉफीवर येते. सान्का नावाची, कॅफीन काढलेली, झोप न उडवणारी कॉफी. खिडकीच्या कट्ट्यावर सान्काच्याच डब्यात लावलेलं रोपटंही असतं. मग ती वळते, खिडकीतून घरात शिरते आणि गोष्ट सुरू होते. जाहिरात कुठे संपली आणि नाटक कुठे सुरू झालं ते कळतही नाही. चाळीच्या गॅलरीत वाढलेल्या कुणालाही हे चित्र परकं वाटणार नाही. तोंड बाहेर, संसार आत, आणि दोन्हीकडे सारखंच लक्ष.

मी काही वर्षं मालिकांचे संवाद लिहिले आहेत, त्यामुळे ही सुरुवात पहिल्यांदा पाहिली तेव्हा हसण्याऐवजी ती मागे नेऊन पुन्हा पाहिली. आमच्याकडे याला 'इंटिग्रेशन' म्हणतात. वरून निरोप येतो की अमुक पावडर गुरुवारच्या भागात घ्यायचीच. मग साखरपुड्याचा सीन चालू असताना आत्याबाई अचानक शर्टाच्या कॉलरवरच्या डागाबद्दल बोलू लागतात. लिहिणाऱ्याला लाज वाटते, नटांना वाटते, प्रेक्षकाला तर वाटतेच. इथे १९४९ साली एका बाईनं तो प्रश्न असा सोडवून ठेवलाय की जाहिरात हाच व्यक्तिरेखेचा प्रवेश झालाय. खिडकीतून शेजारणीला चार गोष्टी सांगणं हा मॉलीचा स्वभाव आहे, त्यातली एक गोष्ट कॉफी. हे सुचायला नुसती विनोदबुद्धी पुरत नाही. त्याला धंद्याची अक्कल लागते, रचनेची लागते, आणि आपल्या पात्राला आपण किती ताणू शकतो याचा अंदाज लागतो.

ही अक्कल गर्ट्रूड बर्गची. मॉलीचं काम करणारी तीच, मॉलीचा प्रत्येक शब्द लिहिणारी तीच, आणि मालिकेची मालकीणही तीच. आज तिचं नाव अमेरिकेतही फारसं कुणाला माहीत नाही.

तिचं माहेरचं नाव टिली एडेलस्टाईन. जन्म १८९९चा, न्यूयॉर्कच्या हार्लेम भागातला. वडील नाना धंदे करणारे, त्यातलाच एक म्हणजे कॅट्सकिलच्या डोंगराळ भागात फ्लाइशमन्स गावी चालवलेलं उन्हाळी हॉटेल. न्यूयॉर्कची ज्यू कुटुंबं उकाड्यात तिकडे राहायला जात. पाऊस लागला की पाहुणे कंटाळत, मुलं हैदोस घालत, आणि कंटाळलेले पाहुणे बिल चुकतं करून निघून जायची भीती. त्यांना गुंतवून ठेवायला टिली छोटी छोटी प्रहसनं लिहू लागली, त्यात काम करू लागली. पुढे ज्या कुटुंबानं तिला नाव आणि पैसा दिला त्याची पहिली पात्रं तिथलीच. प्रेक्षक उठून जाऊ नये म्हणून लिहायचं, हे शिक्षण तिला हॉटेलच्या गल्ल्यावर मिळालं.

घरात दुसरीही एक गोष्ट होती. तिचा भाऊ लहानपणीच घटसर्पानं गेला. आई त्या धक्क्यातून कधी सावरली नाही आणि पुढे तिची रवानगी मनोरुग्णालयात झाली. भाऊ गेल्याची तार वडील आयुष्यभर जवळ बाळगून होते असं सांगतात. चरित्रकारांना इथे धागा सापडतो: जी आई स्वतःला मिळाली नाही ती तिनं लिहून काढली. असेलही. मला असे सोपे मानसशास्त्रीय हिशेब पटकन पटत नाहीत, कारण दुःख पुष्कळांच्या वाट्याला येतं आणि त्यातले फार थोडे रोज पंधरा मिनिटांचा भाग लिहून देतात. पण मॉलीच्या घरात कितीही गोंधळ झाला तरी शेवटी ती सगळं ताळ्यावर आणते, हा हट्ट कुठून आला असेल, असा विचार ती तार आठवली की मनात येतो खरा.

१९१८ साली तिचं लग्न लुईस बर्ग या इंजिनिअरशी झालं. साखरेच्या धंद्यातला माणूस. काही काळ संसार लुइझियानातल्या साखर कारखान्यावर. मग परत न्यूयॉर्क, दोन मुलं. १९२९ साली लुईस काम करत होता तो कारखाना जळाला. घरात पगार बंद. तेव्हा रेडिओ नवा होता आणि त्याला माणसं हवी होती. वीज कंपनीच्या एका जाहिरातीत तिनं यिडिश या युरोपी ज्यूंच्या भाषेत कुकीजची पाककृती वाचून दाखवली, ती कुकीज ख्रिसमसची! दुकानात काम करणाऱ्या दोन मुलींवर तिनं लिहिलेली मालिका एका भागातच बंद पडली. मग ती गोल्डबर्ग कुटुंबाची कथा घेऊन एनबीसी या रेडिओ कंपनीकडे गेली. हस्तलिखित इतक्या गिचमिड अक्षरात की अधिकाऱ्याला एक ओळ लागेना. तूच वाचून दाखव म्हणाला. हेच तिला हवं होतं. वाचून झालं तेव्हा लेखिकेबरोबर मॉलीचीही निवड झालेली होती. आठवड्याला ७५ डॉलर, आणि त्यातच बाकीच्या नटांचे पैसे भागवायचे.

२० नोव्हेंबर १९२९ला पहिला भाग प्रसारित झाला. वॉल स्ट्रीट कोसळून महिनासुद्धा झाला नव्हता. देश नोकऱ्या गमावत असताना रेडिओवर एक गरीब घर भाजीचे पैसे मोजत होतं आणि तरीही एकमेकांशी धड बोलत होतं. पुढे १९३१ला पेप्सोडेंट या टूथपेस्टवाल्यांनी मालिका उचलली, ती आठवड्यातून एकदाची रोज झाली. मधला थोडा खंड सोडला तर १९४५पर्यंत चालली. तिच्या घशानं दगा दिला आणि काही दिवस मॉली ऐकू आली नाही, तेव्हा कंपनीकडे पत्रांचा ढीग पडला.

रोज एक भाग म्हणजे काय असतं हे बाहेरच्या माणसाला सांगून कळत नाही. आमच्याकडे कथा लिहिणारा वेगळा, पटकथा वेगळी, संवाद वेगळे, आणि तरीही एपिसोडची बँक, म्हणजे आधीच तयार ठेवलेल्या भागांचा साठा, संपते. रात्री अकराला फोन येतो, उद्याचा सीन आत्ता पाठव, नायिकेची तारीख हललीय. बर्ग पहाटे उठून पेन्सिलीनं लिहायची, नवरा ते टाइप करायचा, मग तीच स्टुडिओत जाऊन तालीम घ्यायची आणि तीच माईकसमोर उभी राहायची. हजारो भाग. सोबतीला लेखकांची फौज नाही. आवाजांच्या बाबतीत ती भलती काटेकोर. अंडं फोडायचं असेल तर स्टुडिओत खरं अंडं फुटलं पाहिजे, भांडी विसळायची तर खरी भांडी. आणि शब्द टिपायला ती मॅनहॅटनच्या लोअर ईस्ट साइडला, स्थलांतरितांच्या जुन्या वस्तीत, बाजारहाट करत ओळख न देता फिरायची.

ओळख न देता फिरावं लागायचं, कारण तोपर्यंत तिचं घर पार्क अव्हेन्यूवर होतं. बोलण्यात मॉलीच्या उच्चारांचा मागमूस नाही. चांगली चित्रं जमवलेली, अंगावर उंची कपडे. मॉलीच्या नावावर पाककृतींचं पुस्तक निघालं, घरात घालायचे झगे विकले गेले, वर्तमानपत्रात सदर आलं, ब्रॉडवेवर नाटक झालं, हॉलिवुडमध्ये चित्रपट झाला. ब्रँड वगैरे शब्द आज आपण ज्याला लावतो ते सगळं तिनं तेव्हाच उभं केलं होतं. पण लोकांना भेटायची असायची मॉली. बाईसाहेबांना भेटून थोडा हिरमोड व्हायचा म्हणे.

माझं म्हणणं इथेच आहे. पुरुष विनोदवीर पात्रात शिरला की आपण त्याच्या अभिनयाला दाद देतो. बाईनं प्रेमळ आई रंगवली की म्हणतो, काय गोड बाई आहे हो! तिनं काही केलेलं नसतंच, ती तशी असतेच, असा आपला हिशेब. मॉलीचा प्रेमळपणा इतका अस्सल उतरला की त्यामागचं लेखन कुणाला दिसेना. तिच्या बोलण्यातल्या चुकाच घ्या. झोपायला जाताना मॉली नवऱ्याला म्हणते, उशीर झाला जेक, आता एक्स्पायर व्हायची वेळ झाली. तिला रिटायर म्हणायचं असतं. आपल्याकडे हा विनोद समजावून द्यावा लागत नाही, एक्स्पायर झालेली माणसं आपल्या ओळखीची आहेत. अशी वाक्यं वरवर वेंधळी असतात, पण प्रत्येक चूक बेतून केलेली. आणि मॉली मूर्ख नाही, भाषा तिच्याकडे उशिरा आलीय एवढंच. हा फरक बर्गनं कधी सुटू दिला नाही. त्या काळच्या रेडिओवर परक्या उच्चारांची टर उडवणारे कार्यक्रम ढिगानं होते. तिथे हसू त्या माणसांवर असायचं. इथे मॉलीला हसता हसता आपण तिच्या बाजूनं कधी झालो ते कळत नाही. हे लिहायला फार अवघड असतं. मी प्रयत्न केलाय. पहिल्या तीन भागांत जमतं, मग टीआरपीची आकडेवारी येते आणि पात्राला आणखी बावळट करायला सांगतात.

तिचा विनोद नुसता गोडच नव्हता. जर्मनीत नोव्हेंबर १९३८मध्ये ज्यूंची घरं, दुकानं, प्रार्थनास्थळं फोडली गेली. पुढच्या वसंतात, ३ एप्रिल १९३९ला, रेडिओवर गोल्डबर्गांच्या घरी पासोव्हरचा सेडर होता. इजिप्तच्या गुलामगिरीतून सुटल्याची कथा वाचत घरच्यांनी एकत्र जेवायची ती रात्र. (आपल्याला ही रात्र अगदीच परकी नाही. कोकणातल्या बेने इस्रायलींसाठी त्या रात्री वाचायची पोथी, हगादा, १८७४ साली पुण्यात मराठीत छापली गेली होती.) तर वाचन चालू असताना खिडकीची काच फोडून दगड आत येतो. मॉली मुलांना सावरते आणि सेडर पुढे चालू राहतो. एवढंच. भाषण नाही. साबण आणि टूथपेस्ट विकणाऱ्या रोजच्या मालिकांच्या दुनियेत, अमेरिकेला युरोपातल्या भानगडीत पडायचं नव्हतं त्या वर्षी, असंख्य बिगरज्यू घरांमधून तो दगड पडलेला ऐकू आला.

जानेवारी १९४९मध्ये मालिका टीव्हीवर आली, सीबीएस या वाहिनीवर. तेव्हा सगळं थेट प्रसारण. चुकलं तर चुकलं, विसरलं तर सावरून घ्या. बर्ग पन्नाशीला टेकलेली, अंगानं भरलेली, रेडिओवर वीस वर्षं गेलेली. नव्या माध्यमात ती अशी शिरली की जणू ते तिच्यासाठीच बनवलं होतं. जेकच्या भूमिकेत फिलिप लोब आला. रंगभूमीवरचा मुरलेला नट, दिग्दर्शकही. दोघांचं भांडण पाहायला मिळालं तर जरूर पाहा. लोबचा जेक भडकतो, हात वर करतो, बसतो, पुन्हा उठतो, आणि मॉली मधल्या मधल्या पोकळ्यांत एकेक शब्द सोडत राहते. दोघांच्याही चेहऱ्यावर आपण विनोद करतोय असा भाव नाही.

२३ जानेवारी १९५१ला टीव्हीचे एमी पुरस्कार दिले गेले. उत्कृष्ट अभिनेत्री हा पुरस्कार त्या वर्षी पहिल्यांदाच होता आणि तो गर्ट्रूड बर्गला मिळाला. नामांकनांत हेलन हेज आणि ज्युडिथ अँडरसन या रंगभूमीच्या राण्या, इमोजेन कोका, आणि तरुण बेटी व्हाइट. त्यातली बेटी व्हाइट पुढे सत्तर वर्षं लोकांच्या डोळ्यांसमोर राहिली, २०२१च्या शेवटच्या दिवशी गेली तेव्हा जगभर हळहळ झाली. जिनं त्या दिवशी पुरस्कार घेतला तिची मालिका त्याच वर्षीच्या उन्हाळ्यात सीबीएसवरून उतरली.

झालं होतं असं. जून १९५०मध्ये 'रेड चॅनल्स' नावाची एक पुस्तिका निघाली. रेडिओ-टीव्हीतले कम्युनिस्ट आणि त्यांचे सहानुभूतीदार म्हणून १५१ जणांची नावं, प्रत्येकापुढे त्यानं कुठल्या सभेला हजेरी लावली, कुठल्या पत्रकावर सही केली, असली यादी. पुरावा वगैरे काही नाही. कोर्ट नाही, खटला नाही. पण जाहिरातदारांनी ती पुस्तिका टेबलाच्या खणात ठेवली आणि माणसं निवडताना उघडून पाहायला लागले. त्यात फिलिप लोबचं नाव होतं. नटांच्या संघटनेतला तो जुना लढवय्या, नटांना तालमींचे पैसे मिळावेत म्हणून भांडलेला. आपण कम्युनिस्ट पक्षाचे सभासद नाही हे त्यानं परोपरीनं सांगितलं. सान्का बनवणाऱ्या जनरल फूड्सनं बर्गला सांगितलं, याला काढा.

तिनं नकार दिला. नुसता नकार नाही. मिळेल त्या व्यासपीठावर उभी राहीन आणि तुमचा माल घेऊ नका असं देशाला सांगीन, अशी तंबी दिली. ही पोकळ धमकी नव्हती. देशातल्या घराघरांत तीच तर दर आठवड्याला खिडकीत येऊन त्यांची कॉफी खपवत होती. कंपनी तेवढ्यापुरती गप्प बसली. सीझन पुरा झाला. मग १९५१मध्ये जनरल फूड्स मालिकेतून बाहेर पडली, सीबीएसनं मालिका बंद केली, आणि दुसरा जाहिरातदार येईना. लोब असेपर्यंत कुणीच येणार नव्हतं. बर्ग दारं ठोठावत राहिली. वीसेक माणसांची पोटं मालिकेवर होती, असं लिहायचा मोह होतोय, पण आकडा ठाऊक नसताना लिहू नये. माणसं होती, एवढं नक्की. शेवटी लोबनंच भरपाई घेऊन बाजूला व्हायचं कबूल केलं. फेब्रुवारी १९५२मध्ये मालिका एनबीसीवर परतली, जेक म्हणून हॅरल्ड स्टोनला घेऊन. पुढे तोही बदलला आणि रॉबर्ट हॅरिस आला.

आमच्या धंद्यात नट बदलण्यात विशेष काही नाही. 'यापुढे ही भूमिका अमुक साकारतील' अशी पाटी खाली सरकते, दोन आठवडे प्रेक्षक कुरकुर करतात आणि मग नव्या चेहऱ्याला जुन्या नावानं हाक मारायला लागतात. मी स्वतः असे सीन लिहिलेत. बदललेल्या नवऱ्याला पहिल्याच सीनमध्ये बायकोनं पाठमोरं असताना चहा द्यायचा, मग क्लोजअप, म्हणजे धक्का कमी बसतो. युक्त्या असतात. त्यामुळे मी १९५२नंतरचे भाग पाहायला घेते तेव्हा माझं लक्ष गोष्टीकडे राहत नाही. मी बर्गकडे पाहत बसते. ती उत्तम काम करते. नेहमीच्याच सुरात नव्या माणसाला जेक म्हणते. ती वाक्यं तिनंच लिहिलेली आहेत.

लोबला पुढे टीव्हीवर कुणी उभं केलं नाही. त्याचा मुलगा मानसिक आजारी होता, खासगी रुग्णालयात असायचा. त्याचा खर्च झेपेना तेव्हा त्याला सरकारी रुग्णालयात हलवावं लागलं. १ सप्टेंबर १९५५ला न्यूयॉर्कच्या टाफ्ट हॉटेलात खोली घेऊन लोबनं झोपेच्या गोळ्या घेतल्या.

बर्गनं योग्य केलं की अयोग्य, यावर तिच्यावर लिहिणाऱ्यांचे दोन तट आहेत. एका तटाच्या मते ती त्या काळातल्या फार थोड्या ठाम माणसांपैकी एक, जिनं दीड वर्ष स्वतःची मालिका पणाला लावली. दुसऱ्याच्या मते शेवटी तीही वाकली. मी पहिल्या तटात आहे, पण निश्चिंत नाही. त्या यादीतल्या कित्येकांना काम गमवावं लागलं, त्यांच्यासाठी फारसं कुणी भांडलं नाही. दुसरीकडे, मॉली तिची होती, नाव तिचं, हक्क तिचे. जेकला परगावी पाठवता आलं असतं, घरात नुसता त्याचा फोन येत राहिला असता. लिहिणाऱ्याला असली वाट दिसतेच. तिलाही दिसली असेल. प्रायोजकांना हवी होती नवरा-बायकोची जोडी, आणि तिनं ती दिली.

१५ ऑक्टोबर १९५१ला, म्हणजे गोल्डबर्ग सीबीएसवरून गेल्यावर काही महिन्यांत, त्याच सीबीएसवर सोमवारीच ल्युसिल बॉलची 'आय लव्ह ल्युसी' सुरू झाली. पुढचा इतिहास तिचा. टीव्हीवरच्या कौटुंबिक विनोदी मालिकेची सुरुवात म्हणून अमेरिकन माणूस आजही तिचंच नाव घेतो. ल्युसी थोरच. मी तिच्याविरुद्ध एक शब्द काढणार नाही. पण दोघींच्या कीर्तीत जो फरक पडला त्याचं निम्मं कारण रसायनशास्त्रात आहे. ल्युसी लॉस एंजेलिसमध्ये तीन कॅमेरे लावून ३५ मिलिमीटरच्या फिल्मवर चित्रित होत होती. फिल्म टिकली, स्वच्छ राहिली, तिच्या प्रती निघाल्या आणि पिढ्यानपिढ्या दुपारच्या वेळी पुन्हा पुन्हा दाखवल्या गेल्या. गोल्डबर्ग न्यूयॉर्कहून थेट व्हायचे. नोंद म्हणून उरायचं ते किनेस्कोप, म्हणजे टीव्हीच्या पडद्यासमोर कॅमेरा ठेवून काढलेली फिल्म. धुरकट, विकृत झालेली, पुन्हा प्रसारित करायला नालायक. बऱ्याचशा जपल्याच गेल्या नाहीत. आपल्या दूरदर्शनच्या सुरुवातीच्या काळात टेपा महाग म्हणून पुसून पुन्हा वापरल्या जायच्या, त्या हिशेबात आपलेही किती नट-नट्या गेले असतील देव जाणे. १९५५-५६चा शेवटचा सीझन तेवढा फिल्मवर आहे. त्यात गोल्डबर्ग ब्राँक्स सोडून उपनगरात राहायला गेलेत. अंगण आहे, हिरवळ आहे, आणि खिडकीतून बोलायला समोर कुणी नाही. तांत्रिकदृष्ट्या सर्वांत चांगली उरलेली गोष्ट ही सर्वांत फिकी आहे.

त्यानंतर ती घरी बसली असं नव्हे. १९५९ला ब्रॉडवेवर 'अ मेजॉरिटी ऑफ वन' आलं. युद्धात जपान्यांच्या हातून मुलगा गमावलेली ब्रुकलिनची ज्यू विधवा आणि एक जपानी व्यापारी यांच्या मैत्रीचं नाटक. त्या कामासाठी बर्गला टोनी हा रंगभूमीचा मोठा पुरस्कार मिळाला. चित्रपट करायची वेळ आली तेव्हा भूमिका रोझालिंड रसेलला गेली आणि जपानी माणूस झाला अ‍ॅलेक गिनेस. १९६१मध्ये बर्ग टीव्हीवर नव्या मालिकेत आली, उतारवयात कॉलेजात नाव घालणारी विधवा म्हणून. एकच सीझन चालली. त्याच वर्षी आत्मचरित्रही आलं. १९६६च्या सप्टेंबरात ती गेली. तिची कागदपत्रं सिराक्यूज विद्यापीठात आहेत. २००९ साली अविवा केम्पनर यांनी तिच्यावर माहितीपट केला, त्यात अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाच्या न्यायमूर्ती रूथ बेडर गिन्सबर्गही बोलल्या आहेत. त्यानंतर उरलेसुरले सत्तरेक भाग डीव्हीडीवर निघाले.

पाहायचे असतील तर उपनगरातल्या स्वच्छ प्रिंटनं सुरुवात करू नका, सोपं वाटलं तरी. १९४९चे घ्या. पहिली पाच मिनिटं जड जातील. कॅमेरा हलतो, सोफ्याच्या मागे कुणीतरी खोकतं, एखादा नट दुसऱ्याच्या वाक्यावर चढतो. सप्टेंबर १९४९चा एक भाग आहे, घरभाड्यावरून बिल्डिंगीत पेटलेल्या संपाचा. भांडायला पुढे जेक, म्हणजे फिलिप लोब. तालमीच्या पैशांसाठी खरोखर भांडलेला माणूस घरमालकाशी भांडताना काय करतो ते बघा, आणि बर्गनं त्याला किती जागा सोडलीय तेही. 'रेड चॅनल्स' यायला तेव्हा नऊ महिने होते. हॅरल्ड स्टोनचे भाग मग कधीतरी.